नोहाच्या बायकोचं भारूड

शुभ्रा करंदीकरला दुबईतून घालवलं ते मी. मंडळातल्या बायका अजून म्हणतात, बिचारीचं नशीबच फुटकं. नशीब कसलं डोंबलाचं! सहा ओळींचा ईमेल होता तो, माझ्या हाताने टाइप केलेला, आणि त्यात व्याकरणाची एक चूक सापडली तर सांगा. एम.ए. इंग्लिश आहे मी, पुण्याची, फर्स्ट क्लास. आधीच सांगून टाकलेलं बरं, नाहीतर मागाहून तुम्ही म्हणाल, ही अनुपमा भारी आतल्या गाठीची.

आम्ही एकोणीस वर्षं दुबईत अल मनखूलला राहतोय. मी, माझा नवरा प्रकाश आणि आमची एकुलती एक मुग्धा. प्रकाश रोज पहाटे गाडी काढतो, अबुधाबीला जातो, तिथे सरकारी कामांची कॉन्ट्रॅक्ट्स बघतो आणि घरी आला की सोफ्यावर आडवा होतो. म्हणजे मुलगी वाढवली ती मी. ती डॉक्टर होणार हे चौथीतच ठरलं होतं. कुणी ठरवलं म्हणून काय विचारता, मीच ठरवलं.

शुभ्रा चार वर्षांपूर्वी आमच्याच बिल्डिंगमध्ये तिसऱ्या मजल्यावर राहायला आली. मुग्धाच्या शाळेत इंग्रजीची टीचर. नवरा सुयश, त्याची नोकरी गेलेली, म्हणून तो आणि त्यांची तीन वर्षांची चिमुरडी, दोघंही तिच्या व्हिसावर. बाई तशी गोड. वाटीभर काही मागून नेलं की वाटी कधी रिकामी परत करायची नाही. मीना बाजार तिला मी दाखवला, महाराष्ट्र मंडळात ओळख मी करून दिली. आणि बघता बघता कानामागून आली आणि तिखट झाली. कार्यक्रम कुठला करायचा? शुभ्राला विचारा. सूत्रसंचालन कोण करणार? शुभ्राला विचारा. जणू आम्ही इतकी वर्षं इथे वाळू मोजत बसलो होतो.

तिची पीएचडी होती इंग्लंडातल्या जुन्या धार्मिक काव्यांवर. सहा-सातशे वर्षांपूर्वीची ती. त्या काळी बायबल लॅटिनमध्ये, सामान्य माणसाला त्यातलं ओ की ठो कळायचं नाही. मग कुणी गावचा पाद्री, कुणी मठातला साधू असे बसले आणि आदाम-हव्वेपासून जगबुडीपर्यंत आणि तिथून पार शेवटच्या न्यायाच्या दिवसापर्यंत सगळी कथा त्यांनी लोकांच्या बोलीत यमकं जुळवून सांगितली. हजारो ओळी. कित्येकांनी खाली नावसुद्धा घातलं नाही. पुढे गावोगावचे सुतार, गवंडी, होड्या बांधणारे गाड्यांवर रंगमंच करून त्याचे खेळ करायचे. आणि सांगताना पदरचं काय काय घालायचे! बायबलात जगबुडीसाठी जहाज बांधणाऱ्या नोहाच्या बायकोच्या तोंडी एक वाक्य नाही. या लोकांनी तिला तोंड दिलं आणि असं दिलं की विचारू नका. नवरा अंगणात जहाज ठोकतोय आणि ही कमरेवर हात ठेवून त्याला झोडतेय.

"अनुपमाताई, हे आपलं भारूडच आहे हो," शुभ्रा म्हणायची. डोळे असे चमकायचे तिचे. मला एम.ए.ला हे होतं. पेपरापुरतं पाठ केलं होतं आणि विसरले होते. ती विसरली नव्हती, आणि खरं सांगायचं तर तिथेच मला पहिल्यांदा खुपलं.

मुग्धा तर तिच्यामागे वेडीच झाली. शाळेतून आली की दप्तर टाकायचं आणि तिसरा मजला. बायोलॉजीचं पुस्तक माझ्याकडे, पोरगी तिच्याकडे. विचारलं तर, "आई, प्लीज. वी आर रीडिंग." काय रीडिंग? तर इसहाकाला बाप बळी द्यायला डोंगरावर नेतो, त्या वाटेवरचं बापलेकाचं बोलणं. ते वाचून पोरगी रडून आली होती. मेडिकलची नीट परीक्षा सात महिन्यांवर आणि ही इसहाकासाठी रडतेय!

त्या वर्षी मंडळाच्या दिवाळी संमेलनात शुभ्राने ठरवलं, नोहाच्या बायकोचं मराठी भारूड करायचं. बायको मुग्धा, नोहा स्वतः शुभ्रा, दाढीबिढी लावून. कथा अशी की पाऊस सुरू होतो, नोहा म्हणतो चल आत, आणि बायको जहाजात पाय ठेवायला तयार नाही. शेजारीण बाहेर राहिलीय, विरजण मागायला रोज तिच्याकडे जात होते, तिला बुडू देऊन मी कशी चढू? शेवटी नोहा शेजारणीलाही आत घेतो. हा शेवट शुभ्राचा. पण वरची फोडणी माझी बरं का. तिच्या ओळी फार सभ्य होत होत्या. मी म्हटलं, आण इकडे, आणि तिच्या डायनिंग टेबलवर बसून दहा मिनिटांत लिहून दिल्या:

अंगण सारं लाकडानं भरलं,
म्हाताऱ्याचं माझ्या टाळकं फिरलं!
देव म्हणे ह्याच्याच कानी लागतो,
बाकीच्यांचे काय कान फुटले?

हसून हसून लोळलो आम्ही. तालमीचा व्हिडिओ शुभ्राने मंडळाच्या बायकांच्या ग्रुपवर टाकला. त्यात ती मुग्धाला करून दाखवतेय, कंबर कशी मोडायची, 'टाळकं फिरलं' म्हणताना डोक्याजवळ बोट कसं फिरवायचं. चाळीस बायकांनी हसरे चेहरे टाकले. आपण विठोबाला तोंडावर शिव्या घालतो, कृष्णाला चोर म्हणतो, गणपतीच्या पोटावर विनोद करतो, कुणाचं काही बिघडत नाही. प्रेमच असतं ते. त्यामुळे चाळीस जणींत एकीच्याही मनात आलं नाही की हा म्हातारा आपल्या घरचा नाही.

आलं ते मरियमबीच्या. मरियमबी मूळची खेडची, मीना बाजारच्या गल्लीत आम्हा सगळ्यांचे ब्लाउज शिवते. शुभ्रा नोहाच्या झग्याचं माप द्यायला गेली, मीही होते. मरियमबीने विचारलं, सोंग कुणाचं? शुभ्राने उत्साहाने सगळं सांगितलं, व्हिडिओसुद्धा दाखवला. मरियमबीने टेप गळ्यातून काढून मशीनवर ठेवली.

"मॅडम, आमच्यात ते नूह अलैहिस्सलाम. पैगंबर ते. त्यांचं सोंग आणीत नाहीत कुणी. आणि हे टाळकं वगैरे... तुमच्या मनात काय नाय, मला ठावं हाय. पण दुसऱ्या कुणी बघितलं तर?"

शुभ्राचा चेहरा पांढराफटक. तिने तिथल्या तिथे मरियमबीचे हात धरले, माफी मागितली. मरियमबीने चहा मागवला, म्हणाली, कळलं ना, मग खलास. त्याच संध्याकाळी शुभ्राने भारूड रद्द केलं, ग्रुपवरून व्हिडिओ काढला आणि लिहिलं की माझी मोठी चूक झाली, कुणाच्या फोनमध्ये उतरला असेल तर कृपया पुसून टाका. सगळ्यांनी अंगठे दाखवले. मीही दाखवला. पुसला नाही. का नाही पुसला? तेव्हा काही मनात नव्हतं, शपथ. जुनी सवय आहे माझी, वस्तू टाकवत नाही.

मग आठवड्याभराने मुग्धाचा लॅपटॉप उघडा राहिला. इंग्लंडच्या कॉलेजांचा अर्ज. मध्ययुगीन इंग्रजी साहित्य. शिफारस, डॉक्टर शुभ्रा करंदीकर. प्रकाशला माहीत नाही, मला माहीत नाही, नीटच्या फॉर्मचा पत्ता नाही. आणि स्वतःविषयी जो निबंध लिहायचा असतो, त्यातलं पहिलंच वाक्य इंग्रजीत असं होतं, की मला पुस्तक वाचून दाखवणारी माझ्या आयुष्यातली पहिली व्यक्ती म्हणजे माझी टीचर.

पहिली व्यक्ती! आणि मी कोण होते? आठ वर्षांची होईपर्यंत रोज जेवताना, अंघोळीनंतर केस पुसताना, दाताच्या डॉक्टरकडे नंबर येईपर्यंत, घसा बसेस्तोवर वाचून दाखवलं मी या कार्टीला. तिच्या जिभेवरचं इंग्रजी माझं आहे. माझी पोर, माझे कष्ट, आणि नाव कुणाचं, तर तिसऱ्या मजल्याचं. मला असा संताप आला म्हणता! लॅपटॉप होता तसा ठेवला आणि मी घरातला आयपॅड घेतला.

व्हिडिओतले अठरा सेकंद कापून घेतले. मुग्धा दिसत नव्हती, फक्त शुभ्रा, फिरणारं बोट आणि ती ओळ. माझीच ओळ. खाली भाषांतर दिलं, चोख. 'एक चिंतित पालक' म्हणून शाळेच्या प्रिन्सिपॉलला पाठवलं. आपल्या शाळेत मुस्लिम मुलं आहेत, त्यांच्या भावनांचा विचार व्हावा, वगैरे. ज्या एका मुस्लिम बाईला दुखायचा हक्क होता तिने चहा पाजून विषय मिटवला होता, ते काही मी लिहिलं नाही.

शाळा अशा गोष्टीला किती घाबरते ते इथल्या माणसाला सांगायला नको. दोन दिवसांत शुभ्राला घरी बसवलं. पण एक घोळ झाला. मुग्धा दिसत नसली तरी तिचं हसणं ऐकू येत होतं, आणि क्लिप शाळेत पसरली तशी वर्गातल्या कुणीतरी तो आवाज ओळखला. प्रिन्सिपॉलच्या ऑफिसातून फोन आला की मुलीने काय घडलं ते लिहून द्यावं, फाइलला लागेल, पालकांची सही घ्यावी.

दुपारी शाळेतून आल्या आल्या मी तिला डायनिंग टेबलवर बसवलं. कोरा कागद पुढे ठेवला आणि सांगितलं, लिही. मॅडमनी मला भाग घ्यायला भाग पाडलं. मला त्या ओळी योग्य वाटत नव्हत्या. मी घाबरून बोलले नाही.

"आय आस्क्ड फॉर द रोल, आई. शी नेव्हर फोर्स्ड मी."

"मला नको सांगूस. कागदावर लिही."

"इट्स अ लाय!"

"आहेच खोटं. मग? तुझा व्हिसा कुणाच्या नावावर आहे?"

"पपांच्या."

"पपा कुठे काम करतात? सरकारी कॉन्ट्रॅक्टवर. तुझं नाव असलेला एक कागद अबुधाबीला पोचला की यल्ला, बाड-बिस्तरा गुंडाळा. पन्नासाव्या वर्षी पुण्यात कोण उभं करणार आहे त्यांना? तुझ्या मॅडम काय, तरुण आहेत, हुशार आहेत, कुठेही मिळेल त्यांना."

यातलं काही खरं नव्हतं. शाळेला फक्त एक कागद हवा होता. पण मुग्धाने खुर्ची मागे सरकवली. मला वाटलं, आता उठेल, किंचाळेल, तिसऱ्या मजल्यावर पळेल. ती तशी गेली असती तर कायमची गेली असती. ती गेली नाही. पेन उचललं आणि मी सांगेन तसं लिहिलं. अक्षर तिचं, मजकूर माझा. एका ठिकाणी ती थांबली, तर मी स्पेलिंग सांगितलं.

शुभ्राची नोकरी गेली. व्हिसा रद्द, आणि त्यावर असलेल्या नवऱ्याचा आणि पोरीचाही रद्द. अर्जातल्या शिफारसीला कुणी विचारेना, इंग्लंड आपोआप बारगळलं. सामान बांधून झालं तेव्हा ती आमच्याकडे आली. मला वाटलं, आता ही तोंडावर थुंकणार. मी मनात उत्तरं तयार ठेवली होती. तर बाई दारातच हात जोडून उभी.

"ताई, माफ करा मला. माझ्या मूर्खपणामुळे तुमच्या पोरीला ऑफिसात उभं राहावं लागलं. तिच्यावर डाग नको म्हणून मी लिहून दिलंय की सगळं माझं होतं. ओळीसुद्धा माझ्याच. तुमचं नाव कुठे घेतलं नाही, काळजी करू नका. आणि त्या कागदावरून तिला रागावू नका हं. लहान आहे, शाळेने घेतलं असेल लिहून."

मी काय म्हणाले असेन? मी म्हणाले, "असू दे गं. चुका माणसाकडूनच होतात." वर चहा केला, आलं घालून. तिला रडू आवरत नव्हतं, मी पाठीवरून हात फिरवत होते. लाज वाटली का? वाटली. खोटं कशाला बोलू. चहा संपेपर्यंत वाटली. मुग्धा पॅसेजमध्ये उभी राहून सगळं ऐकत होती. शुभ्राने तिला जवळ घेतलं तेव्हा तिने हात खालीच ठेवले.

दार लागल्यावर ती म्हणाली, "नीटचा फॉर्म कुठे आहे?"

बस. भांडण नाही, अबोला नाही. सकाळी उठायची, अभ्यास करायची, ताटात वाढलेलं खायची. मार्क असे पडले की प्रकाशने ऑफिसात पेढे वाटले. महाराष्ट्रातल्या मेडिकल कॉलेजात सीट मिळाली, मी स्वतः जाऊन होस्टेल लावून आले. बायका म्हणाल्या, अनुपमा, मानलं तुला. मीही मानलं.

फक्त फोन नाही. आठ महिने रोज मी करत होते. जेवलीस? हं. तब्येत? फाइन. पैसे पाठवू? नको. चौथ्या मिनिटाला, "आई, आय हॅव टू गो." एकदाही तिच्याकडून फोन नाही. मी घरात एकटी बोलायला लागले होते. तिच्या लहानपणची पुस्तकं काढून मोठ्याने वाचत बसायचे, आणि प्रकाश टीव्हीचा आवाज वाढवायचा. एवढं सगळं केलं ते पोर माझी राहावी म्हणून, आणि पोर अशी झाली की धड माझी नाही, धड कुणाची नाही. तोंड दाबून बुक्क्यांचा मार. सांगणार कुणाला?

आणि गेल्या शुक्रवारी दुपारी तिचा फोन आला. तिचा! आपणहून!

"आई, बिझी आहेस? मला तुझी हेल्प हवीय." आवाज कसा मोकळा, लाडिक, पाचवीतल्यासारखा. माझे डोळेच भरले. म्हटलं, बोल गं सोन्या.

तिची रूममेट स्वप्नाली, देवरुखची. बाप शारजाला बांधकामावर शटरिंगचं काम करतो, पोरगी स्कॉलरशिपवर शिकते. पहाटे उठून मोठ्याने पाठांतर करते, पहिली येते, आणि सर सगळ्यांना सांगतात, स्वप्नालीकडून शिका. मुग्धाकडे एक क्लिप होती. परीक्षेच्या हॉलबाहेर स्वप्नाली फोनवर बघून काहीतरी तळहातावर लिहितेय, दहा-बारा सेकंद. मुग्धाने डीनना पाठवायला तक्रार लिहिली होती, नाव न घालता. शेजारच्या खोलीतल्या मुलीकडून एक कागदही सही करून घेतला होता.

"ती कॉपी करते का गं खरंच?" मी विचारलं.

"डझ इट मॅटर? तिच्या बाबांचा नंबर लिहीत होती ती. पण क्लिपमध्ये ते कळत नाही." आणि हसली. "पण मला तुझ्यासारखं लिहिता येत नाही, आई. तुझं ते 'कन्सर्न्ड पेरेंट'... यू आर सो गुड ॲट धिस."

 मी खुर्चीत बसले. कसंबसं विचारलं, "तुला कधी कळलं?"

"आयपॅडवर तुझा मेल उघडा होता. त्याच दिवशी वाचला मी."

"म्हणजे तो कागद लिहायच्या आधी? मग... मग लिहिलास कशाला?"

"कारण तू जिंकणार होतीस," ती अगदी सहज म्हणाली. तिच्या आवाजात राग असता तर बरं झालं असतं. मी शोधला, नव्हता. "पाठवलाय मी ड्राफ्ट. बघतेस? की नको? इट्स ओके, तुला वेळ नसेल तर मी ठेवते."

ठेवते म्हणाली ती. मला भीती वाटली. तिची वाटली, माझी वाटली, आणि त्या देवरुखच्या पोरीचा चेहराही उगाच डोळ्यांपुढे आला, जिला मी कधी पाहिलं नाही. पण सगळ्यात जास्त भीती वाटली ती फोन ठेवण्याची. ही आता ठेवेल, आणि परत चार मिनिटांचं हं आणि फाइन सुरू होईल, मी मरेपर्यंत.

"थांब, थांब, ठेवू नकोस," मी म्हटलं. "चष्मा घेते."

मेल उघडला. पहिलं वाक्य फार भडक होतं, ते मी शेवटी नेलं. स्कॉलरशिपचा उल्लेख नव्हता, तो घातला, कारण तिथे लगेच चौकशी बसते. 'कॉपी' हा शब्द काढायला लावला, म्हटलं, तो त्यांना काढू दे, आपण फक्त काळजी दाखवायची. मुग्धा पलीकडून प्रत्येक दुरुस्तीला, "ओह, नाइस," म्हणत होती. मग तिने पाठवलं. मग चाळीस मिनिटं आम्ही बोललो. मेसची आमटी कशी पातळ असते, केस किती गळतायत, डिसेंबरात घरी आली की मी तिला काय काय करून घालायचं. ठेवताना म्हणाली, "लव्ह यू, आई."

फोन ठेवला आणि मला रडू फुटलं. आनंदानेच फुटलं.